बिझेकी बाबांचा चेहरा

सांग्वानी न्यिरोंगोनं सतरा वर्षं खांद्यावर कॅमेरा वाहिला, आणि त्यातली सोळा लग्नांत आणि मयतांत गेली. खोटं कशाला बोला, आमच्या ब्लँटायर शहरात कॅमेरावाल्याचं पोट दुसऱ्या कशावर भरतच नाही. लग्नात पाहुणे नाचत येऊन नवरा-नवरीपुढच्या टोपलीत नोटा टाकतात, तेव्हा प्रत्येकाचं तोंड आणि प्रत्येकाची नोट दिसलीच पाहिजे. एखादी आत्या सुटली की दुसऱ्या दिवशी भांडण दारात. मयतात पेटीवर अंग टाकणारी प्रत्येक मावशी दिसली पाहिजे, कारण ते चित्रण जोहान्सबर्गला पोट भरायला गेलेल्या पोरांकडं जातं आणि कोण किती रडलं ते ती पोरं तिथं बसून बघतात. उरलेल्या दिवसांत मच्छरदाण्या वाटणाऱ्या संस्था आहेत, हात धुवायला शिकवणाऱ्या संस्था आहेत. सांग्वानीनं इतके हात धुताना टिपले की त्याला झोपेतही साबणाचा फेस दिसायचा.

आणि या माणसाला वेड कशाचं, तर उजेडाचं! फुकट वाटलेली मच्छरदाणी उन्हापुढं ताणली की ऊन कसं मऊ होतं, छपराचा जुना पत्रा नेमका कुठं धरला की गालाचं हाड उठून दिसतं, यावर तो तास तास बोलायचा. "आपल्या कातडीला उजेड मापानं द्यावा लागतो. बाहेरून येणारे कॅमेरावाले आपला कोळसा करून ठेवतात," असं त्याचं म्हणणं. बोलणं खरं होतं हो, पण लग्नाच्या मांडवात ते ऐकणार कोण? नवरीची आई ओरडायची, "अहो न्यिरोंगो, तो पत्रा ठेवा बाजूला, आधी माझ्या भावाची नोट घ्या!"

त्यामुळं तादाला म्सोसा स्वतःच्या कथेचा सिनेमा काढायला निघाली आणि म्हणाली, "दादा, उजेड तुमचा, मी मधे तोंड घालणार नाही," तेव्हा सेहेचाळीस वर्षांचा हा बाप्या तिच्यासमोर चक्क रडला. तादाला तेहतिशीची, जिभेला धार लावलेली. आमच्या देशात सिनेमे निघतात ते बोटांवर मोजण्याइतके, उसन्या बॅटऱ्यांवर आणि नातेवाइकांच्या मेहेरबानीवर. पण हिची कथा वाचून परदेशातल्या एका मोठ्या महोत्सवानं पत्र धाडलं होतं, की पुरा करून पाठवा, आम्ही दाखवतो. पत्रात खाली विचारलं होतं, कॅमेरा कोणाचा? तादालानं उत्तरात त्याचं नाव टाइप केलं आणि तो कागद त्याला दाखवला. सतरा वर्षांत त्याचं नाव पावतीशिवाय कुठं छापून आलं नव्हतं. एकदा, फक्त एकदा, आपण पाडलेला उजेड मोठ्या पडद्यावर दिसावा, मग मरण आलं तरी चालेल, असं तो खरोखर बोलून गेला.

सिनेमा होता एका म्हाताऱ्या कबर खणणाऱ्याचा. गावातलं सगळं माणूस त्यानं पुरलेलं, आता आपल्याला पुरायला कोण उरलंय म्हणून तो स्वतःची कबर स्वतःच खणायला घेतो. हे काम करणार होते बिझेकी चिम्तेंगो. रेडिओवरच्या नाटकांत तीस वर्षं हा माणूस कधी चोर झाला, कधी दारुडा नवरा, कधी गावचा मुखिया. त्यांचा आवाज ऐकून चुलीवरची मक्याच्या पिठाची न्सिमा करपवणाऱ्या बायका देशभर होत्या, पण तोंड कुणी पाहिलेलं नव्हतं. मिनिबसमध्ये ते गप्प बसले तर कंडक्टर त्यांना टोपल्यांच्या फटीत कोंबायचा, आणि बोलले की पुढची सीट मोकळी करून द्यायचा. पंच्याहत्तरीत पहिल्यांदा त्यांचा चेहरा कॅमेऱ्यासमोर येत होता. आणि काय चेहरा! सांग्वानी म्हणाला, या चेहऱ्यावर उजेड नुसता ठेवला तरी पुरे.

जून महिन्यात मंडळी देड्झाच्या डोंगराखाली बिझेकी बाबांच्या जन्मगावी मुक्कामाला गेली. बाबा स्वतः गेली चाळीस वर्षं खाली गोलोमोतीच्या उकाड्यात राहत होते, बायकोच्या गावी. आमच्यात नवरा बायकोकडं नांदायला जातो. पण मेला की मात्र तो आईच्या कुळाचा, आणि कुळाचा मोठा म्हणजे बहिणीचा मुलगा. सांग्वानी पडला उत्तरेकडचा, तिकडं सगळं उलटं. बाबा त्याची हटकून फिरकी घ्यायचे.

"तुम्ही उत्तरेचे लोक गाई मोजून बायको आणता, नाही का रे?"

"हो बाबा."

"मूर्ख आहात! आम्ही स्वतःलाच देऊन टाकतो, फुकटात. वर जेवणसुद्धा मिळतं."

कबर खणायची म्हणजे कुळाची परवानगी हवी. बाबांचा भाचा लामेक मास्तर, शाळेतून निवृत्त झालेला, बोलताना अजूनही समोर फळा असल्यासारखा हात उंचावणारा. तो म्हणाला, "खणा. पण आमच्या गावात रिकामी कबर ठेवत नाहीत. ती माणूस मागते. काम संपलं की आत केळीचा खुंट पुरा, वर एक कोंबडी द्या." तादालानं कोंबडीवरून तासभर हुज्जत घातली, शेवटी कोंबडीऐवजी पिल्लू ठरलं. आणखी एक शिस्त तिनं लावली होती. सकाळी काम सुरू व्हायच्या आधी सगळ्यांचे मोबाइल एका बादलीत जमा. एकही फोटो बाहेर जाता कामा नये, चेहरा पहिल्यांदा दिसेल तो पडद्यावरच.

शेवटचा प्रसंग पेटीतला. म्हातारा आपल्याच पेटीत झोपून बघतो, मावतो का ते. देड्झाची जूनमधली सकाळ म्हणजे हाडं गोठवणारी, वरून धुक्यासारखं झिरपणारं पाणी. बाबा पातळ सदऱ्यात पेटीत आडवे झाले आणि म्हणाले, "जागा बरी आहे रे, शेजारी त्रास देणार नाहीत." सगळे हसले. पहिल्यांदा केलं तेव्हाच तादाला म्हणाली, "झालं, उत्तम झालं." पण सांग्वानीला ढग आडवा आल्यासारखं वाटलं.

"बाबा, अजून एकदा. ऊन आत्ता कुठं यायला लागलंय."

बाबा उठले, पुन्हा झोपले. मग पुन्हा. चौथ्या वेळी ते खोकायला लागले, आणि खोकला थांबेपर्यंत ऊन गेलं, म्हणून पाचव्यांदा झोपले. पाचव्या वेळी मात्र जसा हवा तसा उजेड मिळाला. सांग्वानी कॅमेऱ्यामागं उड्या मारत होता. सतरा वर्षांत असं काही हाती लागलं नव्हतं, आणि ते त्याला ठाऊक होतं. संध्याकाळी केळीचा खुंट पुरला, पिल्लू दिलं, काम संपलं.

आता यांची कामाची रीत ऐका. कॅमेऱ्यातली कार्डं दोनच. रोज संध्याकाळी कार्डातलं सगळं दोन डिस्कवर उतरवायचं आणि कार्डं पुसून दुसऱ्या दिवशी वापरायची. शेवटच्या दिवशी उतरवून झालं, कार्डं पुसली, आणि दुसऱ्या सकाळी गेलेली वीज अशी काही धाडकन परत आली की भिंतीला लावलेली एक डिस्क जळून वास सुटला. उरली एक. बावीस दिवसांचं काम, बाबांचा सगळा चेहरा, हाताच्या पंजाएवढ्या एका डबीत.

तादाला गाडी घेऊन राजधानीत, लिलोंग्वेला, नवी डिस्क आणायला निघाली. "ही मी बरोबर नेत नाही. रस्त्यात चोर आहेत, पोलीस आहेत, माझं ड्रायव्हिंग आहे. दादा, तुमच्या जिवापेक्षा जास्त जपा."

"तू जा गं. उशाशी घेऊन बसतो."

आणि खरंच बसला तो. चितेंजेच्या, म्हणजे बायका कमरेला नेसतात त्या छापील कापडाच्या फडक्यात गुंडाळलेली ती डबी त्यानं गादीखाली ठेवली आणि दिवसातून दहादा हात लावून पाहिली.

इकडं बाबांचा खोकला छातीत उतरला. दवाखान्यातल्या नर्सनं गोळ्या दिल्या, म्हणाली, देड्झाच्या मोठ्या इस्पितळात न्या. गाडी तर तादालाकडं, आणि हवी तशी डिस्क मिळेना म्हणून ती लिलोंग्वेत अडकलेली. सायकलच्या मागं बसवून न्यायला निघाले तर बाबा म्हणाले, "मी काय मक्याचं पोतं आहे? उद्या गाडी येईल तेव्हा जाऊ." सांग्वानीनं त्यांना लापशी पाजली, पाय चोळले. तिसऱ्या दिवशी सकाळी लापशीची वाटी तशीच राहिली.

मयताच्या दिवशी अंगणात पाय ठेवायला जागा नव्हती. आवाज ओळखणारी माणसं कुठून कुठून आली. गोलोमोतीहून बाबांची बायको एमेलेसी माई ट्रकमध्ये बसून आल्या, उघड्या पेटीत एकदा पाहिलं आणि भिंतीपाशी चटईवर डोक्यावरून कापड घेऊन बसल्या. त्यांना कुणी काही विचारलं नाही. नवऱ्याच्या मयतात बायकोला विचारायची पद्धतच नाही, मयत कुळाचं. आणि अंगणात कुजबुज चालली होती, ती सांग्वानीच्या कानावर पडत होती. "जित्या माणसाला पेटीत झोपवला." "एकदा नाही, पाचदा!" "पेटीला चव लागली, दुसरं काय होणार?"

पेटी उचलायची वेळ झाली तेव्हा लामेक मास्तर पुढं आला आणि त्यानं हात वर केला.

"आमच्या मामाचा चेहरा या माणसाच्या डबीत आहे," तो सांग्वानीकडं बोट करून म्हणाला. "अर्धा माणूस इथं आणि अर्धा डबीत असा आम्ही पुरणार नाही. डबी आणा, मामाबरोबर जाऊ दे. तोवर पेटी जागची हलणार नाही."

बायका ओरडून रडल्या. कबर खणणारे फावडी टाकून मागं सरकले. सांग्वानीनं तादालाला फोन लावला, बंद. पुन्हा लावला, बंद. ती वाटेवर होती आणि तिची बॅटरी संपली होती. अंगणातली तीन-चारशे माणसं त्याच्याकडं बघत होती.

त्याला काय वाटलं ते सरळच सांगायला हवं. त्याला वाटलं, आपण मारलं या माणसाला. झालं म्हटल्यावर चार वेळा पुन्हा झोपवलं आपण, उजेडासाठी. सतरा वर्षं दुसऱ्यांच्या मयतांत उभा राहून त्यानं रडणारी तोंडं टिपली होती आणि डोळ्याला पाणी आलं नव्हतं. त्या दिवशी ते थांबेना. या म्हाताऱ्याला निदान पुरा पुरू दे, एवढंच त्याच्या डोक्यात राहिलं. आपलं नाव असलेला तो कागद आठवला नाही असं नाही. आठवला, आणि त्याची लाज वाटली.

तो खोलीत गेला, गादी उचलली, फडक्यातली डबी आणून मास्तरच्या हातात दिली.

मास्तर क्षणभर त्या डबीकडं बघत राहिला. मग त्यानं ती खणणाऱ्यांच्या म्होरक्याकडं दिली. कबरीवर ठेवायच्या ताटल्या, कप आमच्यात फोडून ठेवतात, चोरांनी उकरू नये म्हणून. म्होरक्यानं डबी दगडावर ठेवली, कुदळीच्या पाठीनं तीन घाव घातले, आणि तुकडे गोळा करून बाबांच्या उशाला ठेवले. पेटी उचलली. सांग्वानीला त्यांनी खांदा द्यायला बोलावलं, उत्तरेकडच्या परक्या माणसाला, आणि त्यानं दिला.

तादाला पोचली तेव्हा मातीवर फुलं पडली होती. तिच्या हातात नव्या डिस्कचं खोकं होतं. तिनं आधी कबरीपाशी गुडघे टेकले, भरपूर रडली, मग सांग्वानीला शाळेमागं घेऊन गेली. "डबी कुठाय?" तिनं विचारलं. त्यानं सांगितलं.

पहिल्यांदा ती हसलीच. मग तिच्या ओठांचा रंग गेला.

"दादा, खुंट चालला होता ना हो त्यांना? माणसाच्या जागी केळीचा खुंट चालतो ज्यांना, त्यांना जळकी डिस्क चालली नसती? गादीखाली नाही, टेबलावर पडलेली होती जळकी! कोण उघडून बघणार होतं?"

"मयताच्या दारात फसवू, तादाला?"

"हो! फसवायचं! बाबांनीच सांगितलं असतं तुम्हाला, फसव म्हणून! तीस वर्षं खोटं बोलून जगला तो माणूस, दर रविवारी रेडिओवर!" ती भिंतीला पाठ लावून खाली बसली. "तुमचं मन हलकं झालं ना? झालं ना हलकं? माझं काय? बाबांचं काय? त्यांनी बावीस दिवस थंडीत काढले ते कशासाठी?"

तिनं त्या दिवशी जे तोंड फिरवलं ते फिरवलंच. महोत्सवाला तिनं दोन ओळींत कळवलं की सिनेमा होणार नाही. सहा महिन्यांनी ती जर्मनीला कुठल्याशा नोकरीवर गेली, तिथं दुसऱ्यांच्या फिती जोडते म्हणे.

सांग्वानी ब्लँटायरला परतला. गोष्ट त्याच्या आधीच पोचली होती. आमच्याकडं सिनेमावाले मूठभर, आणि मूठभर माणसांत बातमी कुठं दडून राहणार? "कोण, तो सिनेमा पुरणारा?" असं त्याचं नाव पडलं. दोघा-तिघांनी नवीन सिनेमे काढले, कुणी त्याला बोलावलं नाही. लग्नं मिळत राहिली, पण तीही कमी, कारण आता प्रत्येक चुलतभावाच्या हातात चांगला मोबाइल. त्यानं पत्रा विकला. उजेडावर बोलणंही सोडलं. नवरा-नवरी उन्हाकडं पाठ करून काळेठिक्कर उभे राहिले तरी तो म्हणायचा, "ठीक आहे, हसा." रात्री अंथरुणावर पडलं की एकच गोष्ट त्याला आधार द्यायची. सिनेमा गेला, नाव गेलं, पण त्या म्हाताऱ्याशी आपण सरळ वागलो. एवढं एक काम आयुष्यात धड केलं.

वर्षानंतर लामेक मास्तरचा फोन आला. कबरीवर दगड बसवायचा समारंभ होता. "न्यिरोंगो, तुम्ही यायलाच हवं. कॅमेराही आणा."

सांग्वानीला फार बरं वाटलं. त्यानं एकुलता एक कोट इस्त्री केला आणि पहाटेची बस पकडून देड्झाला गेला. दगड छान होता. पाद्री बोलले, मुलींनी गाणी म्हटली, बकऱ्याचं मटण आणि भात झाला. मास्तरनं त्याला सगळ्यांसमोर मिठी मारली. लोक येऊन हात मिळवत होते, "तुम्हीच का ते?" म्हणत होते. इतका मान त्याला ब्लँटायरात कधी मिळाला नव्हता.

जेवणं झाल्यावर मास्तर त्याचा हात धरून त्याला शाळेच्या मोठ्या वर्गात घेऊन गेला. खिडक्यांना घोंगड्या लावून अंधार केला होता. भिंतीवर पांढरी चादर ताणली होती. देड्झाहून भाड्यानं आणलेला प्रोजेक्टर टेबलावर होता, बाहेर जनरेटर धडधडत होता. बाकांवर, जमिनीवर, खिडकीच्या कट्ट्यावर माणसंच माणसं. पुढच्या चटईवर एमेलेसी माई नवं चितेंजे नेसून बसल्या होत्या.

"हं, काढा," मास्तर हात चोळत म्हणाला.

"काय काढू?"

"आता काय म्हणजे! मामांचा सिनेमा! वर्ष झालं, दुखवटा उठला, आता बघायला हरकत नाही. मी सगळ्यांना सांगून ठेवलंय."

सांग्वानीला वाटलं, मास्तर थट्टा करतोय. "मास्तर, तो तर पेटीत... तुम्हीच ठेवायला लावलात."

"अहो, ते लोकांसमोर करावंच लागतं!" मास्तरनं आवाज खाली आणला. "गाव पेटलं होतं त्या दिवशी. कुळाचा मोठा म्हणून मला काहीतरी मागणं भाग होतं. पण तुम्ही शिकलेली माणसं, दुसरी ठेवली असेलच की. मी मनात म्हणत होतो, आता हा कुठलातरी मोडका डबा आणून देईल आणि सुटेल."

"नव्हती दुसरी."

"म्हणजे?"

"ती एकच होती मास्तर."

मास्तरचं हसू हळूहळू उतरलं. "मग बोलला का नाहीत? मागितली म्हणून द्यायची? माणूस भांडतो, पाया पडतो, चार मोठ्या माणसांना मध्ये घालतो! मी वाटच बघत होतो कुणीतरी मध्ये पडेल म्हणून. तुम्ही सरळ आणून हातात दिलीत. परत द्यावीशी वाटत होती, पण मग माघार कशी घेऊ? सगळं गाव बघत होतं." त्यानं कपाळावरचा घाम पुसला. "आता त्यांना काय सांगायचं? मामींना काय सांगायचं? त्या काल रात्रीपासून इथं आहेत. तुम्ही सांगा. मला जमणार नाही."

वर्गातली माणसं टाळ्या वाजवायला लागली होती. वर्षभर ज्या एका गोष्टीवर सांग्वानी टेकून उभा होता तीही उरली नव्हती. त्या दिवशी त्याच्याकडून कुणाला काही नको होतं, म्हाताऱ्यालाही नको होतं. तो चटईपाशी जाऊन गुडघ्यावर बसला, मोठ्या माणसांपुढं बसतात तसा.

"माई, सिनेमा नाहीये. डबीबरोबर गेला सगळा."

एमेलेसी माईंना समजायला वेळ लागला. मग त्यांनी मान हलवली.

"मला नव्हतं विचारलं कुणी त्या दिवशी," त्या म्हणाल्या. "विचारलं असतं तर नाही म्हटलं असतं मी."

"हो माई."

"फोटो होता तो ओळखपत्रावरचा, तो कागदपत्रांत इकडं आला नि हरवला. आवाज आहे. रेडिओवाले लावतात अजून जुनी नाटकं. भांडी घासता घासता ऐकते, उत्तरंही देते मी मधेच. पण तोंड निसटायला लागलंय बाबा. परवा स्वप्नात आले, तर चेहरा आमच्या शेजाऱ्याचा." त्यांनी त्याच्या कोटाची बाही धरली. "बरं, नाही तर नाही. तू सांग. तू होतास ना रोज समोर? त्या पेटीतल्या वेळी कसे दिसत होते?"

सांग्वानीला जीव आल्यासारखं झालं. हे तरी आपण देऊ शकतो! "सांगतो माई. सकाळचे साडेसात झाले होते. डोंगराच्या खांद्यावरून ऊन डाव्या अंगानं आलं, अगदी तिरकं. आधी कपाळावर पडलं, मग नाकाच्या शेंड्यावर, आणि उजवा गाल सावलीत राहिला, पण पूर्ण काळा नाही, तिथं थोडा..."

"उन्हाचं राहू दे रे. ते कसे होते? थंडी वाजत होती का त्यांना? डोळे उघडे होते? माझं काही बोलले का?"

सांग्वानीनं तोंड उघडलं. त्याला ढग आठवला, तो कुठून कुठं सरकला तेही. कॅमेऱ्याचा आकडा आठवला. बाबा खोकले ते आठवलं, कारण तेवढ्यात ऊन गेलं होतं. पण डोळे? पाच वेळा तो माणूस त्याच्यापासून दोन हातांवर झोपला होता आणि पाचही वेळा सांग्वानी त्याच्या गालावरचा उजेड बघत होता. त्यानं पुन्हा पुन्हा आठवून पाहिलं, कपाळाला हात लावून पाहिलं. काही म्हणता काही येईना.

"आठवत नाही, माई."

"एवढंही नाही?"

"नाही."

माई त्याच्याकडं बघत राहिल्या. रागावल्या नव्हत्या, तेच त्याला सोसेना. "म्हणजे तूही बघितलं नव्हतंस," त्या म्हणाल्या.

मागची माणसं उठायला लागली. कुणीतरी जनरेटर बंद केला. कुणीतरी विचारलं, मग तेवढं मटण खायला बोलावलं होतं का, आणि पोरं हसली. सांग्वानीनं काहीतरी करायचं म्हणून पिशवीतून कॅमेरा काढला.

"माई, तुमचा तरी एक काढतो. मुलांसाठी राहील. इथं खिडकीशी बसा जरा."

माईंनी चितेंजेचा पदर तोंडापुढं धरला. "नको बाबा. तुझ्याकडं राहत नाही."

त्यांनी चटई गुंडाळली. गोलोमोतीला उतरणारा ट्रक शाळेपाशी उभा होता, आणि पुढं ड्रायव्हरशेजारी जागा मिळावी म्हणून त्या भराभर चालायला लागल्या.